आपले म्हणणारे गाव

पूर्वी रक्तगिरी पर्वताच्या दोन्ही अंगांना अरिमर्द राजाचे राज्य होते. खरे सांगायचे तर ते राज्य नव्हते, अरिमर्द नावाची धाड होती, आणि ती वर्षानुवर्षे पडतच होती. त्या काळी बोधिसत्त्व घाटमाथ्यावरच्या एका लहानशा गावात वेशीचा राखणदार होऊन जन्मला. त्याचे नाव स्थाणू. स्थाणू म्हणजे खुंट. आईबापांनी ठेवलेले नाव माणसाला सहसा शोभत नाही. याला शोभत होते.

आधी अरिमर्दाविषयी सांगितले पाहिजे, कारण त्याच्याविषयी लोक खोटेच फार सांगतात. कोणी म्हणतो, तो अग्नीतून निघाला. कोणी म्हणतो, त्याला वाघिणीने पाजले. तसे काहीएक नव्हते. तो घोडे राखणाऱ्या एका गरीब माणसाचा मुलगा. तो लहान असताना कुठल्याशा सामंताचे शिपाई त्यांच्या पालांवर आले आणि घोडे, भांडी, आईच्या अंगावरचे कांबळे, सगळे उचलू लागले. आई म्हणाली, "अहो, हे आमचे आहे." शिपाई म्हणाला, "आता आमचे." त्याच हिवाळ्यात ती गारठून गेली. मुलाने त्यातून एवढेच घेतले की जग 'माझे' म्हणणाऱ्याचे असते, फक्त आवाज मोठा हवा. दुःखाने माणूस शहाणा होतो असे म्हणतात. काही होतात. काही अरिमर्द होतात.

तरुणपणी त्याने रक्तगिरीवरच्या यक्षाची मनोभावे सेवा केली. यक्ष प्रसन्न झाला आणि त्याने त्याला एक भेरी दिली. तो म्हणाला, "या भेरीला टिपरू लागत नाही. ज्या नगरीची माणसे मनापासून तुला म्हणतील की हे नगर तुमचे, तिथे ही आपोआप वाजेल. ती वाजली की तट खचतील, दारे निखळतील, नद्या तुला वाट देतील." यक्ष दुष्ट नव्हता. मनापासून असे कोण कुणाला म्हणतो, असा त्याचा हिशेब असावा. भीतीसुद्धा मनापासूनच वाटते, हे त्या भाबड्याच्या ध्यानात आले नाही.

अरिमर्दाच्या मात्र ते लगेच ध्यानात आले. पहिली काही नगरे त्याने साध्या आगीने जाळली. त्यांचा धूर दूरवर दिसला आणि पुढचे काम सोपे झाले. त्याचा सेनापती कालसेन घोडा पुढे काढी, वेशीसमोर उभा राहून ओरडे, "नगर कुणाचे?" तटावरची माणसे गुडघ्यांवर बसून ओरडत, "तुमचे!" भेरी घुमे, तट ढासळे, आणि चौकात एक दगडी जयस्तंभ उभा राही. त्यावर कोरलेले असे, 'हे अरिमर्दाचे'. कुत्रे खांबाखांबापाशी थांबून जे करते, तेच अरिमर्द खांब उभारून करीत होता. बळी तो कान पिळी, हे तर चालतच आले आहे. याने लोकांचे कान पिळले आणि वर त्यांच्याकडूनच 'पिळा' असे म्हणवून घेतले.

दरबारातली रीत निराळी होती. तिथे 'तुमचे' हा शब्द उद्धट वाटे. मानकरी कमरेत वाकून म्हणत, "महाराज, हे राज्य आपले. ही सेना आपली. हा देहही आपलाच." अरिमर्दाला ते ऐकायला फार गोड वाटे. जेवताना, निजताना, शिकारीला जाताना तो तेच ऐके. त्या शब्दावर त्याने आयुष्य काढले म्हटले तरी चालेल.

असे करत करत तो म्हातारा झाला आणि जिंकण्यासारखे एकच गाव उरले. ते स्थाणूचे गाव, पाणवेस.

पाणवेस होती घाटाच्या अगदी माथ्यावर. गावाच्या मध्यभागी एक झरा होता आणि दोन्हीकडच्या उतारांवर दूरवर दुसरे पाणी नव्हते. हिवाळ्यात बर्फ पडे, तेव्हा एकट्या घराची चूल टिकत नसे. चार घरे मिळून एक चूल पेटवत. अशा जागी राहून राहून त्या लोकांच्या बोलीतून 'माझे' आणि 'तुझे' हे शब्दच झिजून गेले होते. चूल आपली, गाय आपली, पोरे आपली. नवरा-बायको भांडली तरी "आपली अक्कल कुठे चरायला गेली?" असे म्हणत, आणि कुणाची अक्कल ते न ठरल्यामुळे भांडण तिथेच मिटे.

त्या गावच्या वेशीला दार नव्हते. मग राखणदार कशाला, असे कोणी विचारील. तो तहानेसाठी होता. चढून आलेल्या प्रत्येकाला स्थाणू पाण्याचा तांब्या देई, आणि पाणी पिऊन झाले की म्हणे, "आता पुढच्यासाठी घागर भरा." येणारा कोणीही असो, मेंढपाळ असो की श्रेष्ठी, त्याने मागून येणाऱ्यासाठी झऱ्यावरून एक घागर भरून वेशीत ठेवायची. ही रीत कधी मोडली नव्हती.

त्या वर्षी अरिमर्दाच्या आधी दुसरी माणसे वर आली. ती ताम्रपूरची होती. ताम्रपूरने कालसेनाच्या प्रश्नाला उत्तरच दिले नव्हते. सगळे नगर तोंड मिटून तटावर उभे राहिले होते, म्हणून ते जाळले गेले. वाचलेली माणसे मृगा नावाच्या म्हाताऱ्या तांबटिणीच्या मागोमाग डोंगर चढून आली. तिची भांडी ठोकणारी बोटे पोळून आखडली होती, तरी तिने पाणी पिऊन घागर भरली. स्थाणूने विचारपूस केली नाही. तो म्हणाला, "आपल्याच घरी आलात." त्यांना घराघरांत वाटून घेतले, आणि थोड्याच काळात पाणवेशीच्या पोरांत ताम्रपूरचे कोणते हे ओळखू येईना.

मग एका सकाळी धुक्यातून सेना वर आली. कालसेनाने घोडा पुढे काढला आणि सवयीने ओरडला, "नगर कुणाचे?"

पाणवेशीची माणसे कामाधामात होती. त्यांना हा प्रश्नच जरा वेडगळ वाटला. तरी पाहुण्याला उत्तर द्यावे म्हणून सगळ्यांनी मिळून सांगितले, "आपले!"

कालसेनाने वळून राजाकडे पाहिले. राजाच्या चेहऱ्यावर हसू पसरले. कोणी गुडघ्यावर बसले नव्हते हे खरे, पण इतक्या आडगावातल्या धनगरांनी थेट दरबारी भाषेत उत्तर द्यावे, याचे त्याला कौतुक वाटले. गाडीवरच्या भेरीतून मात्र आवाज निघाला नाही. भेरीवाला कावराबावरा झाला.

"धुक्याने कातडे ओलावले असेल," अरिमर्द म्हणाला आणि गावात शिरला.

स्थाणूने त्याला पाणी दिले. राजाने ते पिऊन तोंड पुसले. पाणी फार चांगले होते. स्थाणूने घागर पुढे केली आणि शांतपणे म्हणाला, "आता पुढच्यासाठी भरा."

अरिमर्द मोठ्याने हसला. "अरे, माझ्या पुढचा कोण? माझ्यानंतर कोणी येत नसतो," तो म्हणाला आणि तसाच पुढे गेला.

स्थाणूने घागर उचलली, झऱ्यावर नेली आणि आपणच भरून ठेवली. पाहुणा विसरला तर घरच्याने भरायची. त्यात त्याला रागही आला नाही. पण राजाचे शब्द त्याच्या मनात खुपत राहिले. हा माणूस 'आपले' ऐकून इतका खुश का झाला, हे त्याला कळेना.

ते दुपारी कळले. झऱ्याकाठी सैनिक खड्डा खणू लागले. जयस्तंभ गाडीवरून उतरवला गेला. मग कालसेनाने सगळ्यांना ऐकू जाईल असे राजाचे फर्मान सांगितले. पाणवेशीने आपण होऊन शब्द दिला म्हणून महाराज तिच्या काडीलाही हात लावणार नाहीत. पाणवेस आता महाराजांची, तेव्हा तिच्या छपरांखालचे सगळे महाराजांचे. ताम्रपूरचे पळपुटे इथेच कुठेतरी आहेत. त्यांना उद्या सूर्य मावळायच्या आत हवाली करावे. ज्यांनी शब्द दिला नाही त्यांना कड्यावरून लोटले जाईल.

गाव झऱ्यापाशी जमले. काय घोटाळा झाला ते आता सगळ्यांना उमजले. त्यांनी म्हटले एक, राजाने ऐकले दुसरे, आणि त्या ऐकण्याच्या आडोशाला गाव सुखरूप उभे होते.

एक जण म्हणाला, "आपण कुठे खोटं बोललो? बोललो ते खरंच बोललो. त्याला जे समजायचं ते समजू दे. खांब रोवेल आणि जाईल. खांब काय खातो?"

"आणि ही माणसं?" स्थाणूने विचारले.

"रानात लपवू."

"बर्फ पडायला लागलंय. किती तग धरतील?"

स्थाणूची बायको सोमा कडेवरच्या मुलाला थोपटत होती. ती म्हणाली, "झाकली मूठ सव्वा लाखाची. तोंड उघडलं तर गाव पेटेल. पोरं आहेत आपल्याला." तिच्या आवाजात राग नव्हता. तिला भीती वाटत होती आणि ती तिने सरळ सांगितली.

मृगा उठून उभी राहिली. "आम्हीच जातो खाली. तुमचं मीठ खाल्लंय. आमच्यापायी तुमचं गाव कशाला जाळून घेता?" ताम्रपूरची होती ती. तिच्या बोलीत 'आमचे' आणि 'तुमचे' अजून होते.

स्थाणूने मृगाला हाताला धरून खाली बसवले. त्यालाही भीती वाटत होती. बोधिसत्त्वांना भीती वाटत नाही असे सांगणारे सांगोत, कड्यावरचा वारा त्यांच्याही पायाला लागतो. मग तो म्हणाला, "मृगाई, जायचं असेल त्याला वाट मोकळी आहे. वेशीला दार नाही. पण आपण कुणाला देऊन टाकणार नाही. आणि ऐका. आज आपण गप्प बसलो तर 'आपलं' या शब्दाचा तो म्हणतो तोच अर्थ होईल. खांबावर कोरला जाईल. उद्या एखादा तहानेला चढून येईल, आपण म्हणू 'आपलंच घर', आणि त्याला वाटेल, म्हणजे राजाचं. तो पाणी न पिताच मागे फिरेल. मग या गावात राहिलं काय? मी जाऊन सांगतो. पण गावाने हो म्हटलं तरच जातो. छपरं जळतील ती एकट्या स्थाणूची नाहीत."

घोडे पेंड खात होते ते इथेच. सोमाने मूल दुसऱ्या कडेवर घेतले. तिने मृगाच्या आखडलेल्या बोटांकडे पाहिले, मग घराच्या छपराकडे पाहिले.

"छपरं परत शाकारता येतात," ती म्हणाली. "जा. पण जेवून जा. रिकाम्या पोटी राजाशी बोलू नये."

आणि एकेक करून सगळ्यांनी माना हलवल्या. ज्याने खांब काय खातो असे विचारले होते, त्याने सर्वांत शेवटी हलवली, पण हलवली.

दुसऱ्या दिवशी उन्हे वर आल्यावर स्थाणू राजाच्या शामियान्यासमोर जाऊन उभा राहिला. गाव त्याच्या मागोमाग आले. खड्डा तयार होता आणि सैनिक दोर लावून खांब उचलत होते.

"महाराज," स्थाणू म्हणाला, "खांब थांबवा. काल ऐकण्यात चूक झाली आहे."

"कुणाच्या?"

"महाराजांच्या."

कालसेनाचा हात तलवारीवर गेला. राजाने त्याला थांबवले. त्याला अजून मौज वाटत होती. "काय चूक झाली? गाव कुणाचे असे विचारले. तुम्ही काय सांगितलेत?"

"आपले."

"म्हणजे माझे."

"नाही महाराज. आपले."

"अरे, आपले म्हणजे माझेच ना!"

"या गावात नाही. महाराजांच्या दरबारात 'आपले' म्हणजे राजाचे. इथे 'आपले' म्हणजे महाराजांचे, कालसेनाचे, त्या घोड्याला खरारा करणाऱ्याचे, काल आलेल्याचे, उद्या येणाऱ्याचे. ज्याला तहान लागते त्या सगळ्यांचे. 'तुमचे' हा शब्द या गावात कोणाला बोलता येत नाही. त्यामुळे तो काल कोणी दिलेला नाही. आजही देणार नाही."

मौज संपली. अरिमर्द उठून उभा राहिला. त्याने भेरीकडे पाहिले आणि धुके हे कारण नव्हते हे त्याला कळले. तरीही त्याने तिच्याभोवती शेकोट्या पेटवायला लावल्या. कातडे तडतडू लागेपर्यंत वाळवले. मग गावातल्या एकेका माणसाला पुढे आणून विचारले, "गाव कुणाचे?" म्हाताऱ्यांनी सांगितले, आपले. पोरांनी सांगितले, आपले. एका लहान मुलीने राजाचे बोट धरून, याला एवढेही कळत नाही म्हणून समजावणीच्या सुरात सांगितले, आपले. भेरी ढिम्म राहिली.

राजाने आवाज मऊ केला. "स्थाणू, तू शहाणा माणूस दिसतोस. एवढे धैर्य माझ्या मंत्र्यांतही नाही. रक्तगिरीच्या अलीकडचा सगळा मुलूख तुझ्या हाती देतो. एकदाच म्हण, तुमचे. एका शब्दाचा तर फरक आहे."

"एका शब्दाचाच आहे," स्थाणू म्हणाला. "म्हणून तर देता येत नाही."

"मान उडवीन."

"उडेल. पण उडालेल्या मानेतून तो शब्द कसा काढणार? शब्द हवा असेल तर मान ठेवावी लागेल, आणि मान आहे तोवर तो मिळणार नाही. महाराजांचीच अडचण झाली आहे."

सैनिकांतून कोणीतरी हसले. लगेच दाबले, पण राजाने ते ऐकले. तो पांढरा पडला.

"ठीक आहे," तो म्हणाला. "गावाचे नंतर पाहू. आधी ताम्रपूरचे. कालसेना, ते नगर तू जाळलेस. तटावर उभी असलेली तोंडे तू जवळून पाहिली आहेस. या गर्दीतून ती वेगळी काढ."

कालसेन घोड्यावरून उतरला आणि गर्दीतून चालू लागला. त्याच्याविषयी एक गोष्ट सांगायची राहिली. अरिमर्दाच्या भेरीपुढे सर्वांत आधी वाकलेल्या नगरीचा तो मुलगा होता. तरुणपणी तोही तटावर गुडघ्यांवर बसून 'तुमचे' असे ओरडला होता, आणि त्यानंतर जन्मभर दुसऱ्यांना ओरडायला लावत आला होता. आता तो एकेका चेहऱ्यासमोर थांबत होता. मृगासमोर तो थांबला, तेव्हा तिने मान खाली घातली नाही. तिने त्याला ओळखले आणि त्याने तिला. ताम्रपूरच्या तटावर सर्वांत पुढे ती उभी होती, ओठ घट्ट मिटून. तिच्या बोटांकडे पाहून कालसेनाने डोळे दुसरीकडे वळवले.

कालसेन परत राजासमोर आला.

"महाराज," तो म्हणाला, "सगळी आपलीच माणसं आहेत."

दरबारात हे वाक्य अरिमर्दाने हजार वेळा ऐकले होते. तोच आवाज, तेच कमरेत वाकणे. पण आज त्याच्या अंगावर काटा आला. "आपली म्हणजे कुणाची, कालसेना?"

"आपली," कालसेन म्हणाला.

राजाने त्याच्या डोळ्यांत पाहिले आणि त्याला काहीच उलगडेना. तो सैनिकांकडे धावला. एकाचा खांदा धरून त्याने विचारले, "ही सेना कुणाची?" सैनिक म्हणाला, "आपली, महाराज." दुसऱ्याला विचारले. "आपलीच, महाराज." तिसरा, चौथा, सगळे तेच. ते खोटे बोलत होते की खरे, आज फिरले होते की कधी त्याचे नव्हतेच, हे सांगायला त्याच्याजवळ काही खूण नव्हती. ज्या शब्दाच्या गादीवर तो जन्मभर लोळला, तिच्यात काय भरले आहे हे त्याने कधी उसवून पाहिले नव्हते.

"'आपली' नको!" तो किंचाळला. "'तुमची' म्हणा! सगळ्यांनी म्हणा, सेना तुमची!"

सैनिक आज्ञाधारक होते. सगळे मिळून म्हणाले, "सेना तुमची!" डोंगर दणाणला. भेरी वाजली नाही.

राजाने जाऊन तिच्यावर मूठ मारली. वाळलेल्या कातड्याचा नुसता धप्प आवाज झाला.

"जाळा," तो म्हणाला. "गाव जाळा."

कोणी हलले नाही. त्या सैनिकांत एकाएकी शौर्य संचारले असे मी सांगणार नाही. प्रत्येक जण दुसरा हलतो का ते पाहत होता, एवढेच. पण सगळेच तसे पाहत राहिले. तेव्हा अरिमर्दाने स्वतः शेकोटीतले एक जळते लाकूड उचलले आणि तो सर्वांत जवळच्या छपराकडे निघाला. ते स्थाणूचे घर होते. दारात सोमा उभी होती. मूल तिने कधीच मृगाकडे दिले होते. छपरात गेल्या वर्षीचे वाळलेले गवत होते, ठिणगी पडायचा अवकाश.

"बाजूला हो," राजा म्हणाला.

"नाही होत," सोमा म्हणाली.

स्थाणू येऊन तिच्या शेजारी उभा राहिला. मग शेजारची बाई आली. मग खांब काय खातो म्हणणारा आला. बघता बघता छप्पर दिसेनासे झाले, माणसेच दिसू लागली. ताम्रपूरची कोण आणि पाणवेशीची कोण, हे आता कालसेनालाही सांगता आले नसते. राजा लाकूड उगारून तसाच उभा राहिला. तो म्हातारा होता, लाकूड जड होते आणि जळत जळत ते त्याच्या बोटांपर्यंत आले होते.

"जाळायचं असेल तर जाळ," सोमा म्हणाली. "उद्या परत बांधू. परवा परत जाळलंस तर तेरवा परत बांधू. पण तो शब्द नाही मिळायचा, बाबा. हे गाव एवढं मोठं नाही की कुणा एकाला पुरेल."

चटका बसला आणि अरिमर्दाच्या हातून लाकूड सुटले. ते दगडी अंगणात पडले, थोडा वेळ धुमसले आणि विझले. त्याने वाकून ते उचलले नाही, दुसरेही आणले नाही. तो कितीतरी वेळ त्या माणसांकडे पाहत राहिला. मग वळला आणि घोड्याकडे गेला. कोणीतरी रिकीब धरायला हवी होती, ती कालसेनाने धरली. सेना आली त्या वाटेने उतरून गेली. ताम्रपूरच्या एकाही माणसाला कड्याजवळ जावे लागले नाही.

पुढे अरिमर्द काही वर्षे जगला. त्या वर्षांत त्याने दुसरे काही जिंकले नाही. दरबारात कोणी 'आपले' म्हटले की तो विचारी, "म्हणजे कुणाचे?" आणि उत्तर काहीही आले तरी त्याचे समाधान होत नसे. एकदोघांना त्याने त्यापायी सुळावर दिले. मग मानकरी तो शब्दच टाळू लागले, आणि पुढे पुढे बोलणेच टाळू लागले. एवढ्या मोठ्या वाड्यात ताटाच्या आवाजाखेरीज आवाज उरला नाही. तो मेला तेव्हा मुलांनी मुलूख वाटून घेतला, आणि त्यांच्या मुलांनी तो भांडून घालवला. जयस्तंभ राहिले. बायकांनी त्यांवर धुणी आपटली, शेतकऱ्यांनी म्हशी बांधल्या. एका गावी तर अक्षरे झिजून 'हे अरि' एवढेच उरले, आणि गावकरी त्याला अरीदेव म्हणून शेंदूर लावू लागले. सगळे जग माझे म्हणणाऱ्या माणसाच्या वाट्याला शेवटी एवढा शेंदूर आला, आणि तोही चुकून.

स्थाणू आयुष्यभर वेशीत पाणी देत राहिला आणि वेळ आल्यावर आपल्या कर्मानुसार गेला.

शास्त्यांनी, म्हणजे भगवंतांनी, ही कथा सांगितली तेव्हा समोर उदग्र नावाचा एक मांडलिक बसला होता. त्याने शेजारची गावे जाळून जिंकली होती. त्याच्या विजयद्वाराखाली संघाने येऊन मंगलपाठ म्हणावा, असा हुकूम घेऊन तो भालेकऱ्यांसह विहारात आला होता. भिक्षू भ्याले होते. चार गाथा म्हटल्या तर काय बिघडते, अशी कुजबुजही त्यांच्यात चालली होती. शास्त्यांनी त्याला हो किंवा नाही न म्हणता ही गोष्ट सांगायला घेतली होती.

गोष्ट संपवून त्यांनी पूर्वजन्मीची ओळख पटवली. "भिक्षूंनो, त्या काळची सोमा म्हणजे आज भिक्षुणीसंघात असलेली थेरी सुनंदा. मृगा म्हणजे या विहाराला दररोज भिक्षा घालणारी ती आंधळी उपासिका. राखणदार स्थाणू तो मी."

ते थांबले. एका तरुण भिक्षूने हळूच विचारले, "आणि भंते, अरिमर्द कोण होता?" बाकीच्यांनी माना खाली घातल्या.

शास्त्यांनी उदग्राकडे पाहिले. "अरिमर्द तू होतास," ते म्हणाले. "आणि कालसेन हा, तुझ्या भालेकऱ्यांचा नायक, तुझ्या मागे भाला घेऊन उभा आहे तो. उदग्रा, मंगलपाठ होणार नाही."

मग भालेकऱ्यांच्या नायकाने हातातला भाला भिंतीला टेकवला, पुढे येऊन भिक्षूंच्या रांगेत जागा केली आणि तो खाली बसला.

"जे खरे नाही ते म्हणायला नकार देणे," शास्ते म्हणाले, "आणि ते म्हणवून घेणाऱ्याच्या समोर उभे राहून तो नकार देणे, ही सत्यपारमिता, सत्याची पराकाष्ठा होय."